परसबागेतील भुंगेऱ्यांचा सामुदायिक बंदोबस्त

राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी १९३५ साली ज्या मोझरीस गुरुकुंज आश्रमाची स्थापना केली आणि प्रार्थनेपासून ग्रामसफाईपर्यंत प्रत्येक कार्य सामुदायिक असावे असा आग्रह धरला, तेथे परसबागेतील किडींचा विचारही एकेका कुंपणाच्या हद्दीत करून चालणार नाही.

हुमणीचेच पाहा. मृगाचा पहिला दमदार पाऊस झाला, की जमिनीत दडलेले तांबूस-तपकिरी भुंगेरे तिन्हीसांजेला बाहेर पडतात आणि कडुनिंब व बाभळीच्या पाल्यावर मिलनासाठी जमतात. पहाटेपूर्वी ते पुन्हा मातीत शिरतात व मादी तेथेच अंडी घालते. त्यांतून निघालेली, इंग्रजी सी अक्षरासारखी वाकलेली पांढरी अळी मुळे कुरतडू लागली, म्हणजे मिरचीचे रोप पाणी असूनही सुकते आणि हलक्या हाताने उपटून येते. तेव्हा उपाय अवघड होतो. म्हणून पहिल्या पावसानंतरच्या संध्याकाळी फांद्या हलवून भुंगेरे खाली पाडावेत आणि रॉकेलमिश्रित पाण्यात टाकावेत. वर्षातून एकच पिढी होत असल्यामुळे अंडी घालण्यापूर्वी पकडलेली प्रत्येक मादी पुढचा मोठा उपद्रव टाळते. कच्चे शेणखत मात्र बागेत घालू नये, कारण हुमणीला ते आयताच आश्रय देते.

काकडी, दोडका, भोपळा यांच्या कोवळ्या दलांना भोके पाडणारा नारिंगी-तांबडा भुंगेरा सकाळच्या गारव्यात सुस्त असतो. तेव्हाच तो वेचावा. त्याची अंडी बुंध्याजवळच्या ओलसर मातीत असतात, म्हणून हंगामानंतर तेथील माती खणून उन्हात तापू द्यावी. वांग्याच्या पानाखाली उभी रचलेली पिवळी अंडी दिसली, तर मात्र क्षणभर थांबावे आणि ती कोणाची आहेत हे आसपासचे भुंगेरे पाहून ठरवावे. पानातील हिरवा भाग खरवडून जाळी करणारा ठिपकेदार भुंगेरा निस्तेज व बारीक लव असलेला असतो. मावा खाणारा, गुळगुळीत, तकतकीत ढालकिडा मात्र आपला मित्र आहे, त्याला अभय द्यावे.

वेचूनही उपद्रव आटोक्यात न आला, तर ५० ग्रॅम कुटलेली निंबोळी रात्रभर थोड्या पाण्यात भिजवून, गाळून, एक लिटर द्रावण करावे व किंचित साबण मिसळून सायंकाळी फवारावे. परंतु एका वाडीत मेहनत आणि शेजारच्या निंबावर भुंगेऱ्यांची जत्रा, अशी स्थिती राहिली तर हे श्रम व्यर्थ जातील. पहिल्या पावसाची संध्याकाळ सगळ्या आळीने मिळून या कामी द्यावी, आणि त्यासाठी बादल्या, कंदील व काठ्या यांची तजवीज आधीच करून ठेवावी.