बिघाडाआधीची देखभाल

बेंगळुरूच्या शिवाजीनगरात मोटारींच्या जुन्या सुट्या भागांचा बाजार आहे. दाते झिजलेला गिअर, खरवडलेले बेअरिंग, तडा गेलेला दांडा अशा वस्तूंची रास पाहिली की एक प्रश्न सहज सुचतो : यांतील कोणता भाग मोडण्यापूर्वीच बदलता आला असता? यंत्रांच्या देखभालीचे शास्त्र याच प्रश्नातून वाढले. मोटार अडली तर प्रवास खोळंबतो. आकाशात इंजिन बंद पडले तर प्राणांवर बेतते. म्हणूनच या शास्त्राचे मोठे धडे विमानांनी दिले.

सोलापूरचे वालचंद हिराचंद यांनी १९४० च्या डिसेंबरात म्हैसूर संस्थानाच्या साहाय्याने याच बेंगळुरूत हिंदुस्तान एअरक्राफ्ट हा कारखाना उभारला. १९४३ पासून युद्ध संपेपर्यंत तेथे अमेरिकी हवाई दलाची विमाने खोलून, तपासून पुन्हा उड्डाणास सिद्ध केली जात. त्याच युद्धकाळात ब्रिटनमध्ये सी. एच. वॉडिंग्टन हे जीवशास्त्रज्ञ पाणबुड्यांचा माग काढणाऱ्या विमानांच्या नोंदी अभ्यासत होते. ठरावीक तास उड्डाण झाले की विमान तपासणीस घ्यावे, असा दंडक होता. नोंदी मात्र निराळेच सांगत होत्या. तपासणीनंतर लगेच बिघाड वाढत आणि पुढे हळूहळू कमी होत. सुस्थितीतील यंत्राला वारंवार हात लावणे, हेही बिघाडाचे एक कारण ठरत होते.

१९७८ साली युनायटेड एअरलाइन्सच्या स्टॅनली नोलन व हॉवर्ड हीप यांनी या विचाराला पद्धतशीर रूप दिले. त्यांनी पाहिलेल्या भागांपैकी सुमारे ११ टक्के भागांचाच बिघाड वयाबरोबर वाढत होता. उरलेल्या ८९ टक्क्यांना बदलण्याची मुदत ठरवून काही लाभ नव्हता. तेव्हा केवळ पंचांग पाहून भागत नाही. कंप, उष्णता, तेलात उतरलेले धातूचे कण ही पूर्वचिन्हे ओळखावी लागतात.

ही चिन्हे सर्वांआधी कोणास जाणवतात? यंत्रापाशी दिवसभर उभ्या असलेल्या कामगारास. जपानच्या सेइइची नाकाजिमा यांनी हेच सूत्र धरले. १९७१ च्या सुमारास निप्पॉनडेन्सो कारखान्यात रूढ झालेल्या पद्धतीत यंत्र पुसणे, तेल घालणे, बोल्ट आवळणे ही कामे चालवणाऱ्याकडेच आली. कारण पुसणाऱ्या हाताला तडा लवकर लागतो. "आज आवाज वेगळा येतो" असे सांगणाऱ्या कामगाराच्या शब्दावर जेथे यंत्र थांबवले जाते, तेथे ही देखभाल रुजते. जेथे त्याला गप्प बसवले जाते, तेथे महागडी उपकरणेही निरुपयोगी ठरतात.