गांडूळ नव्हे, वाळा

चोरखमारा म्हटलं की लोकांना नागझिऱ्याचं गेट आठवतं आणि गेट म्हटलं की वाघ. पण तिरोडा तालुक्यातल्या या भागात जंगल न फिरताही एक विलक्षण प्राणी भेटू शकतो. पावसाळ्यात शेणखताचा ढीग उपसा, ओला दगड उलटा किंवा मोरीच्या कडेला नीट बघा. काळपट, चकचकीत, वीतभरही नसलेलं काहीतरी वळवळत मातीत शिरू पाहतं. गांडूळ म्हणून त्याच्याकडे दुर्लक्ष होतं, आणि साप म्हणून ओळखलं तर ते ठेचलं जातं. हा वाळा. साप खरा, पण पूर्ण बिनविषारी.

तो ओळखायचा कसा? गांडूळ अंग आखडत-लांबवत सरकतं, वाळा नागमोडी पळतो. गांडुळाच्या अंगावर वळ्या असतात, वाळ्याच्या अंगावर घट्ट बसलेले गुळगुळीत खवले. बहुतेक सापांच्या पोटाखाली रुंद पट्ट्यांसारखे खवले असतात. वाळ्याला वर-खाली सगळीकडे सारखेच, अंगाभोवती 20 ओळींत. त्यामुळे मातीतून जाताना तो कुठे अडत नाही. डोळे खवल्याखाली झाकलेले, दोन काळे ठिपके, उजेड-अंधार कळण्यापुरते. डोकं आणि शेपूट सारखंच बोथट दिसतं, म्हणून जीभ बाहेर येते का ते पाहावं. शेपटीच्या टोकाला बारीक काटा असतो. तो मातीत रोवून वाळा पुढे रेटा घेतो. हातात धरला तर हाच काटा टोचून बघतो, इजा मात्र होत नाही.

त्याचं खाणं म्हणजे मुंग्यांची आणि वाळवीची अंडी, अळ्या, कोष. वारुळात शिरून खायचं तर चावे बसणारच, म्हणून जेवण झटपट उरकावं लागतं. इतर साप भक्ष्यावरून जबडे एकामागून एक सरकवत सावकाश गिळतात. वाळ्याच्या कुळातल्या सापांचे दात फक्त वरच्या जबड्यात असतात. ते दातांचे दोन छोटे संच सेकंदाला कित्येकदा आत-बाहेर फिरवून घास आत ओढत राहतात. जपानमधल्या अभ्यासकांनी तर वाळा वाळवीचं डोकं जमिनीवर घासून तोडतो आणि धडच गिळतो, हेही नोंदवलं आहे. डोक्याचं टणक कवच पचायला जड असतं.

मला सर्वांत नवल वाटतं ते पुढचंच. वाळ्यात नर आजवर सापडलेला नाही; सगळ्या माद्याच. गुणसूत्रांचे नेहमीसारखे दोन नव्हे, तीन संच असतात. मादी नराशिवाय मोजकी अंडी घालते आणि त्यांतून पुन्हा माद्याच निघतात. केवळ याच पद्धतीवर चालणारी सापाची दुसरी जात ज्ञात नाही.

म्हणजे नवी वस्ती व्हायला एक मादी पुरते. रोपाच्या मुळाशी मातीचा गोळा असतो, त्यात ती किंवा तिची अंडी लपून जातात. विशाखापट्टणमच्या परिसरातून पॅट्रिक रसेलने 1796 मध्ये वर्णन केलेला हा साप असाच कुंड्यांमधून जगभर गेला. हवाई, सेशेल्स, गुआम अशा बेटांवर तो आज नांदतो. हवाईत त्याची पहिली नोंद 1930 मधली आहे.

तो कानात शिरतो, हा समज मात्र सोडून द्यावा. पावसाचं पाणी बिळात भरलं की तो वर येतो आणि कोरडी, अंधारी जागा शोधत घरात शिरतो, एवढंच.

घरात दिसला तर कडक कागदावर सरकवून घ्या आणि बागेतल्या ओल्या मातीत सोडा. मात्र डोळे ठळक दिसत असतील, मान वेगळी कळत असेल किंवा अंगावर पट्टे असतील, तर तो वाळा नाही. हात न लावता सर्पमित्राला बोलवा.