न दिसणारं काम

नमाज पढताना माणूस दिसतो, जकात घेणाऱ्याला कळते. रोजा मात्र ठेवणारा आणि अल्लाह यांनाच ठाऊक. चित्रपटाचं संकलनही असंच. नीट झालं तर प्रेक्षकाच्या लक्षातही येत नाही.

रेणू सलुजा पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ही कला शिकल्या. 1983 साली त्यांनी संकलित केलेले दोन चित्रपट आले. 'जाने भी दो यारो' पोट धरून हसवणारा, 'अर्धसत्य', श्री. दा. पानवलकरांच्या मराठी कथेवरचा, सुन्न करणारा. ओम पुरी दोन्हींत आहेत. एकात दारूच्या नशेत प्रेताशी बोलणारा बिल्डर, दुसऱ्यात आतून धुमसणारा फौजदार वेलणकर. विनोदात दृश्य क्षणभर लांबलं तर हसू विझतं. गंभीर प्रसंग क्षणभर आधी तोडला तर दुःख पोचत नाही. कुठे थांबायचं, हा सब्र दोन्हीकडे लागतो.

'परिंदा', 'धारावी', 'सरदार', 'गॉडमदर' यांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. 2000 साली, पन्नाशीही न गाठता त्या गेल्या.

ईद झाली की वडूजकरांनी हे दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहावेत, आणि नामावलीतलं संकलकाचं नाव आवर्जून वाचावं.