धाकटी आधी गेली

माउली, आळंदीला आपण जातो, सासवडला जातो, त्र्यंबकेश्वरला जातो. पण ही ठिकाणे कधी एका ओळीत लावून पाहिलीत का? शके १२१८, म्हणजे इसवी सन १२९६. कार्तिक वद्य त्रयोदशीला ज्ञानदेव आळंदीत समाधिस्थ झाले. महिन्याभरात सासवडला सोपानकाका. पुढच्या वैशाखात तापीकाठी मुक्ताबाई. मागे उरले कोण? सगळ्यांत थोरले निवृत्तिनाथ. आईबाप आधीच गेलेले. ज्यांना सांभाळले ती तिन्ही धाकटी भावंडे सहा-सात महिन्यांत डोळ्यांदेखत गेली.

निवृत्तिनाथ तर ज्ञानदेवांचे गुरू. देह नाशिवंत आहे, हे त्यांना कोणी सांगायचे? तरी नामदेवरायांनी समाधीचे अभंग लिहिले, त्यांत निवृत्तिनाथांचे मन काही केल्या ठिकाणावर येत नाही. तेराव्याला एखादा शहाणा म्हणतो ना, "माळकऱ्याचं घर तुमचं, आणि रडताय काय?" मी त्याला हे अभंग वाचायला सांगतो.

हे झाले मरणाने तुटणे. दुसरे असते विरणे. ते कळतही नाही. आमच्या पेणला घरोघरी गणपती घडतात, आम्हाला हे नवे नाही. शाडूची मूर्ती पाण्यात सोडली की लगेच जात नाही हो. आधी रंग सुटतो, मग बोटे, मग सोंड. आपण मात्र रिकामा पाट घेऊन केव्हाच घरी आलेलो असतो.

माझे पेटीवाले रोह्याचे. बावीस वर्षे साथ केली. मग त्यांचे गुडघे गेले, मी पेणचाच एक मुलगा साथीला घेतला. आधी आठवड्याला फोन, मग सणाला, मग तोही राहिला. भांडण नाही, तंटा नाही. पेण ते रोहा, गाडीने किती ते अंतर! पण "पुढच्या एकादशीला जाऊ" म्हणता म्हणता निरोपच आला.

तेराव्याला कीर्तनाला गेलो. पेटी कोपऱ्यात, वर धुतलेले फडके. वहिनी म्हणाल्या, "दर एकादशीला पुसून ठेवायचे. बुवांचं बोलावणं आलं तर, म्हणायचे."

आख्यान निवृत्तिनाथांचेच लावले होते. सासवडपर्यंत आलो आणि शब्दच फुटेना. समजूत घालायला गेलेला मी. वहिनींनीच पाणी आणून दिले. पेटीवर तो पेणचा मुलगा होता. त्याने सूर धरून ठेवला, मग पुढचे आख्यान पुरे केले.