शनिवारवाड्याचं भुयार : एक वैज्ञानिक (?) संशोधन

पुण्यात हॉस्टेलवर राहायला आलेल्या प्रत्येक फर्स्ट इयरवाल्याला पहिल्या महिन्यात कोणीतरी सीनियर रात्री दीडच्या सुमारास एक गोष्ट सांगतोच. शनिवारवाड्यातून एक भुयार निघतं आणि ते थेट पर्वतीला जातं. सीनियर जर मेकॅनिकलचा असेल तर ते सिंहगडापर्यंतही जातं! भुयार केवढं? तर घोडेस्वार भाला उभा धरून जाईल एवढं. आत कोणी गेलंय का? गेलंय ना, एक अख्खं वऱ्हाड गेलं, ते परत आलंच नाही. (महाराष्ट्रातल्या यच्चयावत भुयारांत एकेक वऱ्हाड हरवलेलं आहे. लग्नाला जाताना लोक रस्ता सोडून भुयारातून का जायचे, हे मात्र कोणी सांगत नाही.) मग ओघाने अमावास्या, 'काका मला वाचवा' आणि 30 ऑगस्ट 1773 ला झालेला नारायणराव पेशव्यांचा खून वगैरे येतं आणि ऐकणाऱ्याची झोप उडते. सीनियर मात्र शांतपणे झोपतो.

पाताळेश्वराचं भुयार, पर्वतीचं भुयार अशा आणखी शाखाही आहेत. एकूण ऐकीव माहिती नकाशावर मांडली तर पुण्याखाली लंडनसारखी भुयारी रेल्वे पेशव्यांच्या काळातच तयार होती असं दिसेल.

आता गंमत अशी, की ही गोष्ट पूर्ण खोटी नाही. शनिवारवाड्याकडे जमिनीखालून येणारा एक मार्ग खरंच होता. चांगला कित्येक किलोमीटर लांब, दगड-चुन्यात बांधलेला, काही ठिकाणी माणूस आत उभा राहून चालेल एवढा. फक्त त्यातून घोडेस्वार जात नव्हता. पाणी येत होतं. कात्रजचं.

झालं असं, की 1730 मध्ये शनिवारवाड्याची पायाभरणी झाली आणि पुणं बघता बघता वाढलं. नव्या पेठा वसल्या. नदी होती, नागझरी होती, आड होते, पण एवढ्या वस्तीला उन्हाळ्यात पाणी पुरेना. तेव्हा नानासाहेब पेशव्यांनी 1750 च्या सुमारास कात्रजच्या डोंगराखाली आंबील ओढ्यावर बांध घालून दोन तळी केली आणि तिथलं पाणी गावात आणलं. कात्रज उंचावर, शनिवारवाडा खाली. पंप नाही, वीज नाही, सगळा कारभार गुरुत्वाकर्षणावर. सिव्हिलवाल्यांनी जरा इकडे लक्ष द्यावं: ही ओपन चॅनल फ्लोची आयुष्यभर चाललेली प्रॅक्टिकल होती, आणि जर्नल कोणी तपासलेलं नाही!

वरच्या तळ्यात गाळ बसायचा आणि तुलनेने निवळलेलं पाणी खालच्या तळ्यात यायचं. तिथून बंदिस्त नळ सुरू. या नळाला ठरावीक अंतरावर विहिरीसारखी उभी तोंडं ठेवलेली होती, त्यांना म्हणायचे उच्छ्वास. नाव किती समर्पक बघा. आत हवा कोंडली तर पाणी अडतं, म्हणून श्वास सोडायला जागा. शिवाय याच ठिकाणी माणूस आत उतरून साफसफाई करू शकायचा, आणि पाण्यातला उरलासुरला गाळही तळाशी बसायचा. म्हणजे एअर व्हेंट, मॅनहोल आणि सेडिमेंटेशन टँक, थ्री इन वन. आपल्याला हे तीन वेगवेगळ्या धड्यांत येतं.

माझा स्वतःचा तर्क असा आहे की भुयाराच्या गोष्टीचं मूळ या उच्छ्वासांतच आहे. रस्त्याकडेला एक दगडी तोंड, आत अंधार, खाली कुठेतरी खळखळ आवाज, आणि अधूनमधून त्यातून एक माणूस बाहेर येतो जो सकाळी भलतीकडेच आत गेला होता. एवढ्या सामग्रीवर पुणेकर वऱ्हाड हरवणार नाही तर काय करणार?

पुढे नाना फडणविसांनी आंबेगावहून वेगळी लाईन आणली, सरदार रास्त्यांनी कोंढव्याकडून आणली. ज्याची ऐपत त्याची लाईन. शनिवारवाड्यातलं हजारी कारंजं सवाई माधवरावांच्या बालपणीचं म्हणतात. हजार तोट्या मोजायला जाऊ नका, दोनशेच्या आसपासच आहेत. हजारी हा आकडा नसून अभिमान आहे. बर्नुलीचं ग्रंथराज 1738 चं. ते पुण्यात कोणी वाचलं असण्याची शक्यता शून्य, पण पाण्याला वाचावं लागत नाही. उंचावरचं पाणी बंद नळीत कोंडून खाली तोटी उघडली की ते उसळतं.

गावात हे पाणी हौदांत पडायचं. काळा हौद, बदामी हौद, फडके हौद, तांबट हौद, साततोटी, नाना हौद... यादी मोठी आहे. आज आपण 'फडके हौदला उतरव' म्हणून रिक्षावाल्याशी हुज्जत घालतो तेव्हा तिथे हौद का म्हणायचं हा प्रश्न आपल्याला पडत नाही आणि रिक्षावाल्यालाही पडत नाही. पाणी गेलं, पत्ता राहिला.

इथपर्यंत सगळं कौतुकाचं. पण हौद म्हटलं की पुढचा प्रश्न येतोच: त्यावर घागर कोणी बुडवायची? पेशवाईतली ही सगळी देखणी व्यवस्था सर्वांसाठी नव्हती. ज्यांना अस्पृश्य मानलं जायचं त्यांनी हौदाला हात लावायचा नाही. पाणी आठ-दहा किलोमीटर सरळ उतारावरून आणता आलं, पण शेवटचे चार फूट ओलांडायला शंभरावर वर्षं लागली. 1868 मध्ये जोतीराव फुल्यांनी आपल्या घराजवळचा पाण्याचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. मला विचाराल तर पुण्याच्या पाणीपुरवठ्याच्या इतिहासात कात्रजच्या बांधानंतरची सगळ्यात मोठी घटना हीच, आणि त्यात इंजिनिअरिंग काहीच नव्हतं.

त्यानंतर बाहुलीचा हौद. सत्यशोधक चळवळीतले डॉ. विश्राम रामजी घोले यांनी आपल्या लहानपणीच वारलेल्या लेकीच्या, काशीबाईच्या आठवणीसाठी तो बांधला आणि सर्वांना खुला ठेवला. त्यावर बाहुली होती म्हणून बाहुलीचा हौद. मुलीला शिकवतात म्हणून कोणी तिच्या खाण्यात काच मिसळली, अशी गोष्ट पुण्यात पिढ्यान् पिढ्या सांगितली जाते. वऱ्हाड हरवलेल्या गोष्टीला आपण हसतो. ही गोष्ट ऐकताना कोणी हसत नाही.

आणि हौदांचा विषय निघाला आहे तर पंचहौद सोडून चालणारच नाही! गुरुवार पेठेतल्या या मिशनमध्ये 1890 साली एका सभेनंतर चहा-बिस्किटं पुढे आली. पाहुण्यांत न्यायमूर्ती रानडे होते, लोकमान्य टिळक होते. कोणी प्यायले, कोणी नुसता कप हातात धरला, कोणी तो तसाच खाली ठेवला. सभेची जमवाजमव करणारे गोपाळराव जोशी (डॉ. आनंदीबाईंचे यजमान आणि अव्वल नंबरचे खोडकर) यांनी नंतर हजर मंडळींची यादीच वर्तमानपत्रात दिली. चाळीसहून जास्त नावं! झालं, ख्रिस्त्यांच्या हातचा चहा घेतला म्हणून गाव पेटलं. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेलं, चौकशी बसली. टिळकांनी आपण काशीला प्रायश्चित्त घेतल्याचं सांगितलं, रानड्यांनीही पुढे प्रायश्चित्त घेतलं आणि सुधारक त्यांच्यावरच रागावले. आपल्या कॅन्टीनचा चहा पिऊन प्रायश्चित्त घ्यावंसं वाटतं, पण त्याचं कारण निराळं आहे.

इंग्रजांनी खडकवासल्याचं धरण बांधल्यावर (1879-80 च्या सुमारास) घरोघरी नळ यायला लागले आणि कात्रजच्या पाण्याचा मान हळूहळू गेला. तरी ते वाहत राहिलं. 12 जुलै 1961 ला पानशेत फुटलं, मागोमाग खडकवासलाही फुटलं, नदीकाठच्या पेठा पाण्यात गेल्या आणि नंतर नळ कोरडे पडले. जुनी मंडळी सांगतात, तेव्हा लोक घागरी घेऊन पुन्हा हौदांवर गेले. दोनशे वर्षांपूर्वीची लाईन बॅकअप म्हणून उपयोगी पडली.

त्यानंतर मात्र आपण तिचं काय केलं? इमारतींचे पाये, ड्रेनेज, बोअरवेल यांनी हा मार्ग जागोजागी तोडला. उच्छ्वास कुठे बुजले, कुठे कचराकुंडी झाले. 2019 साली स्वारगेटला मेट्रोच्या खोदकामात जमिनीखाली जुनं भुयार लागलं आणि शहरभर एकच गलका, 'सापडलं, पर्वतीचं भुयार सापडलं!' तोही निघाला पाण्याचाच जुना मार्ग, आणि तोही कात्रजच्या लाईनपेक्षा बराच अलीकडचा. घोडेस्वार याही वेळी नाही.

त्याच वर्षी 25 सप्टेंबरच्या रात्री कात्रजच्या बाजूला तुफान पाऊस झाला. ज्या आंबील ओढ्याला अडवून पेशव्यांनी तळी केली, तो ओढा बांधकामांनी आक्रसलेल्या पात्रातून आपली जागा मागत अरण्येश्वर, सहकारनगरच्या वस्त्यांत घुसला. भिंती कोसळल्या, गाड्या वाहून गेल्या, पुणे आणि आसपास मिळून वीसहून जास्त माणसं गेली. ओढा कुठून वाहायचा, पूर्वी कुठे वळवला, त्याला किती जागा लागते, हे सगळं जुन्या नकाशांत आहे. नकाशे बघायला कोणाला वेळ नव्हता.

तेव्हा रविवारी मेसला फीस्ट नसेल तर स्वारगेटहून कात्रजची बस पकडा. सर्पोद्यानाशेजारचं जे तळं तुम्ही पिकनिक स्पॉट समजता, ते या सगळ्याचं तोंड. तिथे बांध नीट बघा, मग आंबील ओढ्याच्या कडेकडेने जमेल तितकं गावाकडे चालत या. तळजाईच्या पायथ्यापासून पुढे ओढा किती रुंद आहे ते पावलांनी मोजा. आणि हो, सीनियरला बरोबर न्यायला विसरू नका.