आसवारिष्टांच्या घरगुती कृति आणि त्यांची परिभाषा

जुन्या घरांच्या माळ्यांवरून जीं बाडें उतरतात त्यांत वैद्यकाचीं पानें हटकून असतात. संग्राहकांची दृष्टि प्रथम सनदा, निवाडपत्रें व वंशावळी यांजकडे जाते; औषधांचीं पानें बाजूस पडतात आणि पुष्कळदां वाळवीच्या वांट्यास जातात. अशा पानावर द्राक्षासव किंवा दशमूलारिष्ट असें नांव, त्याखालीं द्रव्यांची यादी, कोठें मापें, कोठें तींही नाहींत, आणि शेवटीं तोंड बांधून महिनाभर ठेवावें अशा अर्थाचें एखादें वाक्य, एवढाच मजकूर असतो. लिहिणाऱ्यास अधिक लिहिण्याची गरजच नव्हती. भांडें कसें करावयाचें, पाणी किती धरावयाचें, मसाला केव्हां घालावयाचा हें घरांत सर्वांस ठाऊक होतें. आज तें कोणास ठाऊक नाहीं, आणि पान मात्र आपल्या हातीं आहे.

सुमारें पस्तीस वर्षांपूर्वीं, आम्ही शाळेंत संस्कृत शिकवीत असतां, शेजारच्या एका वैद्यबुवांनीं असेंच एक पान अर्थ लावून देण्यास आणिलें. अक्षर आम्हांस लागलें, द्रव्यें ओळखतां आलीं. मापें दिलेलीं नव्हतीं, म्हणून आम्हीं शार्ङ्गधराचा सामान्य नियम लावून, द्रोण व तुला यांचें किलोग्रॅममध्यें रूपांतर करून, स्वच्छ कागदावर लिहून दिलें. वैद्यबुवांनीं तंतोतंत त्याप्रमाणें भांडें भरलें. महिन्यानें उघडून पाहतां आंत अर्धवट उठलेला, घशाशीं बसणारा गोड पाक! साडेचार किलो गूळ आणि त्याच्या निम्मा मध वायां गेला. वैद्यबुवा कांहींच बोलले नाहींत, पण दोष सर्वस्वीं आमचा होता. आम्हीं श्लोक वाचला होता, परिभाषा वाचली नव्हती. प्रस्तुत लेखाचें मूळ त्या भांड्यांत आहे.

प्रथम नांवांविषयीं. शार्ङ्गधरसंहितेच्या मध्यमखंडांतील दहावा अध्याय संधानाचा आहे. औषधें न उकळतां, कच्च्या पाण्यांत घालून जें सिद्ध होतें तें आसव. औषधांचा काढा करून त्यापासून जें होतें तें अरिष्ट. उंसाच्या रसाचें तें सीधु, ताडखजुरीच्या रसाची ती वारुणी, शिजविलेल्या धान्याची ती सुरा. आणि सुरेच्या निरनिराळ्या थरांसही प्रसन्ना, कादंबरी, जगल, मेदक अशीं वेगळीं नांवें आहेत. परंतु बाडें लिहिणारांनीं आसव व अरिष्ट हा भेद नेहमींच पाळला आहे असें नाहीं. मथळा आसवाचा आणि कृति काढ्याची, असें पुष्कळदां आढळतें. तेव्हां मथळ्यावर न जातां उकळण्याचा उल्लेख आहे कीं नाहीं हें पाहावें. अर्क ही तर निराळीच वस्तु. अर्कांत द्रव्य भट्टीवर चढवून वाफ नळीवाटे उतरवून घ्यावी लागते, आणि रावणाच्या नांवावर मोडणारा अर्कप्रकाश हा ग्रंथ त्याच विषयाचा, पण उत्तरकालीन आहे. शैखान ढेरी येथील मृत्पात्रांवरून ऑल्चिन यांनीं १९७९ मध्यें भारतांतील ऊर्ध्वपातन फार प्राचीन असावें असें प्रतिपादन केलें. तो वाद महत्त्वाचा आहे, तथापि आसवारिष्टांच्या कृतींशीं त्याचा संबंध नाहीं. त्यांत मद्यार्क भांड्यांतल्या भांड्यांत, आंबण्यानेंच उत्पन्न होतो.

आतां मापें. मापें न सांगितलेल्या अरिष्टास शार्ङ्गधराचा नियम असा: द्रव एक द्रोण, गूळ एक तुला, मध गुळाच्या निम्मा, आणि प्रक्षेप, म्हणजे मागाहून घालावयाचा मसाला, गुळाच्या दशमांश. वैद्यपरंपरेंत कर्ष म्हणजे एक तोळा धरितात. चार कर्षांचें पल, सोळा पलांचा प्रस्थ, चार प्रस्थांचा आढक, चार आढकांचा द्रोण. म्हणजे द्रोण १०२४ तोळ्यांचा झाला. तुला शंभर पलांची, म्हणजे ४०० तोळ्यांची. आम्हीं केलें तें एवढेंच, आणि येथेंच फसलों. त्याच ग्रंथाच्या आरंभीं, मानपरिभाषेंत, स्पष्ट सांगितलें आहे कीं कुडवापर्यंत ओलें व सुकें यांचें मान सारखें, पण प्रस्थापासून पुढें द्रव व ओलीं द्रव्यें दुप्पट घ्यावीं. मात्र तुलेचें मान कधींही दुप्पट करूं नये. ह्या शेवटच्या अपवादांत सर्व मर्म आहे. पाणी द्रोणानें मोजलेलें, म्हणून तें दुप्पट, २०४८ तोळे. गूळ तुलेनें मोजलेला, म्हणून तो ४०० तोळेच. मध २०० व प्रक्षेप ४० तोळे. ऐंशी तोळ्यांच्या पक्क्या शेरानें पाणी २५ शेर ४८ तोळे, गूळ ५ शेर, मध अडीच शेर, मसाला अर्धा शेर. आजच्या मानानें पाणी सुमारें २३.९ किलो व गूळ सुमारें ४.७ किलो.

गुळांत साखर सुमारें ८० टक्के व मधांत ७५ टक्के धरून हिशेब केला तर द्वैगुण्य मानिल्यास मिश्रणांत साखर वजनानें १८ टक्क्यांच्या आसपास येते, न मानिल्यास २९ टक्क्यांच्या आसपास. पहिलें प्रमाण पिकलेल्या द्राक्षांच्या रसाच्या जवळचें आहे व सहज आंबतें. दुसऱ्यांत साखरेचा भार इतका कीं आंबविणारे सूक्ष्मजंतु मंदावतात, आणि पुष्कळ गोडी तशीच राहते. कित्येक ठिकाणीं आजही द्वैगुण्य न धरितां अरिष्टें करितात आणि तीं दाट व गोड उतरतात, हें आम्हांस ठाऊक आहे. कुशल हात असेल तर तींही साधतात. आमचे मतें मात्र ग्रंथकाराच्या मनांतील पेय तें नव्हे. अन्यथा तुलेचा अपवाद सांगण्याचें त्यास कारण नव्हतें.

नियम सर्वत्र सारखाच फळ देतो असें समजूं नये. त्याच अध्यायांतील द्राक्षारिष्ट पाहा. मनुका अर्धी तुला, म्हणजे अडीच शेर. पाणी दोन द्रोण, दुप्पट करून ४०९६ तोळे. आटवून चतुर्थांश, १०२४ तोळे. त्यांत गूळ दोन तुला, म्हणजे पुरे दहा शेर. द्वैगुण्य धरूनही हा पाक जडच आहे, आणि न धरिल्यास ५१२ तोळे काढ्यांत ८०० तोळे गूळ विरघळविण्याची पाळी येते. दालचिनी, वेलची, तमालपत्र, नागकेशर, गव्हला, मिरी, पिंपळी व वावडिंग हीं आठ द्रव्यें प्रत्येकी एक पल. ह्या यादींत धायटीचें फूल नाहीं. मनुकांवरील जंतु काढा उकळतांना मरून जातात. मग आंबतें कशानें? कच्च्या गुळानें, न उकळलेल्या मसाल्यानें, आणि बहुधा वर्षानुवर्षें त्याच कामीं वापरलेल्या भांड्यानें. व्यवहारांत मात्र वैद्य धायटी घालीतच आले आहेत. आमच्या संग्रहांतील एका पानावर ह्याच आठ द्रव्यांच्या यादीशेजारीं, समासांत, निराळ्या हाताच्या अक्षरांत धायटी एवढाच शब्द लिहिलेला आहे. असे समासांतले शब्द नकलून घेतांना गाळूं नयेत.

धायटीचें झुडूप सह्याद्रीच्या उतारांवर सर्वत्र दिसतें. शिशिर सरतां सरतां तें तांबड्या फुलांनीं भरून जातें. फुलांतील मधाबरोबर आंबविणारे जंतु येतात, व फुलाचा तुरटपणा पेयाच्या अंगीं लागतो. चरकाच्या सूत्रस्थानांत पंचविसाव्या अध्यायांत ८४ आसवें सांगितलीं आहेत, त्यांपैकीं पुष्पासवें १०. त्यांत मोहाबरोबर धायटीही आहे. म्हणजे प्रथम ती स्वतंत्र आसवाचें द्रव्य होती, पुढें इतर सर्व आसवांची चालक झाली.

कौटिल्याच्या काळीं हें चालकाचें काम किण्वाकडे होतें, आणि ह्या शब्दानें पुष्कळांस चकविलें आहे. किण्व म्हणजे विरजणासारखी चिमूटभर वस्तु, असा समज करून अर्थशास्त्राच्या दुसऱ्या अधिकरणांतील सुराध्यक्षाचें प्रकरण वाचूं गेल्यास मेदकाची कृति अशक्य वाटूं लागते. एक द्रोण पाण्यास तांदूळ अर्धा आढक, म्हणजे दोन प्रस्थ, आणि किण्व तीन प्रस्थ! तांदळाहून किण्व अधिक कसें? उत्तर त्याच प्रकरणांत आहे. उडदाचा लगदा एक द्रोण, कच्चा अथवा शिजविलेला, त्याहून तिसरा हिस्सा अधिक तांदूळ, आणि मोरटा वगैरे वनस्पति एकेक कर्ष, हें किण्व. तेव्हां किण्व हें स्वतःच आंबलेलें धान्य असून सुरेचा मोठा भाग तेंच पुरवितें. वैद्यकांतील द्रोण येथें लावूं नये, हेंही ध्यानांत ठेवावें. कौटिल्याचे द्रोण चार असून ते २००, १८७॥, १७५ व १६२॥ पलांचे आहेत.

ह्याच प्रकरणांत घरगुती कृतींचा सर्वांत जुना कायदा सांपडतो. सुरेचा धंदा राजाच्या ताब्यांत असतांही कुटुंबवत्सल गृहस्थास कार्यप्रसंगीं श्वेतसुरा व औषधासाठीं अरिष्ट करण्याची मोकळीक आहे, आणि उत्सव, समाज व यात्रा यांत चार दिवसांची सूट आहे. अर्थशास्त्राची पोथी शामशास्त्री यांच्या हातीं येऊन ग्रंथ १९०९ मध्यें छापला गेला नसता तर ही मोकळीक आपणांस कळतीही ना. पाठभेदांसाठीं मुंबई विद्यापीठानें १९६० मध्यें काढलेली प्रा. कंगले यांची आवृत्ति जवळ असावी. कवठाच्या आसवाची तेथील कृति संक्षेपाचा उत्तम नमुना आहे: कवठ एक तुला, काकवी पांच तुला, मध एक प्रस्थ. पाण्याचें नांवही नाहीं!

मसाल्यास कौटिल्य संभार म्हणतो, वैद्य प्रक्षेप म्हणतात. मेदक व प्रसन्ना यांचा संभार दहा द्रव्यांचा आहे. पहाडमूळ, लोध्र, ज्येष्ठमध, दारुहळद, मिरी, पिंपळी वगैरे. तो निव्वळ स्वादासाठीं नव्हे. सुगंधी तेलें पाण्यांत फारशीं उतरत नाहींत, आणि उकळल्यास वाफेबरोबर उडून जातात; म्हणून काढा गाळून निवल्यावरच प्रक्षेप घालावा असा दंडक आहे. पुढें भांड्यांत मद्यार्क उत्पन्न होऊं लागला म्हणजे तो हीं तेलें ओढून घेतो. बाडांत मसाला यादीच्या आरंभीं लिहिलेला असला तरी तो आरंभीं घालावयाचा, असा अर्थ करूं नये.

राहिलें भांडें. तें मातीचें, आंतून तूप मुरविलेलें, त्यामुळें छिद्रें बुजतात; कित्येक कृतींत त्यास पिंपळी व मध यांचा लेप सांगितला आहे. भांडें पाऊण भरावें, कारण फेंस वर येतो. तोंडास कापडमाती करून धान्याच्या राशींत पुरावें, म्हणजे ऊब सारखी राहते. कान लावला असतां आंतील सळसळ थांबली, व तोंडाशीं धरलेली ज्योत विझेनाशी झाली, कीं आंबणें पुरें झालें असें जुने लोक समजत. कारण आंबतांना निघणाऱ्या वायूनें ज्योत विझते. इतकें करूनही आंबट झालें तर शार्ङ्गधरानें त्याचीही सोय लावून ठेविली आहे. बिघडलेल्या मद्यास तो चुक्र म्हणतो आणि औषधांत गणतो.

हें सर्व पोथी वाचण्यासाठीं लिहिलें आहे. कौटिल्यानें गृहस्थास दिलेली मोकळीक आपणांस नाहीं. मुंबईचा १९४९ चा दारूबंदी कायदा, जो आतां महाराष्ट्राच्या नांवानें ओळखला जातो, परवान्यावांचून घरीं मद्य करूं देत नाहीं.

अशीं पानें छापावयाचीं झाल्यास मूळांतील द्रोण, तुला, पल हे शब्द जसेच्या तसे ठेवावे. किलो व लिटर मजकुरांत घुसडूं नयेत. ते टीपेंत द्यावे, आणि द्रव दुप्पट धरिलें आहे कीं नाहीं तें तेथेंच सांगावें. वैद्यबुवांस दिलेल्या आमच्या कागदावर ही टीप नव्हती. त्यांचे बाड आतां आमच्याकडे आहे, आणि त्यांतील संधानाचीं सर्व पानें ह्या रीतीनें उतरून ठेविलीं आहेत. ज्यांस आपल्या संग्रहांतील पानांशीं तीं ताडून पाहावयाचीं असतील त्यांनीं संपादकांमार्फत आम्हांस कळवावें.