ऊन फुकट, बाकी सगळं विकत

नरपडच्या किनाऱ्यावर संध्याकाळी दक्षिणेकडे तोंड करून उभं राहिलं की डहाणूच्या खाडीकडची चिमणी दिसते. उंची २७५ मीटर. इथले लोक सगळ्या वीजकेंद्रालाच ‘थर्मल’ म्हणतात. १९९५-९६ पासून तिथे ५०० मेगावॅट वीज तयार होते आणि मुंबईच्या उपनगरांत जाते. कोळसा इथे जळतो, दिवे तिकडे लागतात. त्यामुळे सौर विजेचं कौतुक या पट्ट्यात कुणाला पटवून द्यावं लागत नाही. मलाही ते पटलेलं आहे. पण मावशीच्या घरावर सोलर बसलं, त्याची जमाखर्चाची वही माझ्याकडे आली, आणि कळलं की यात फुकट आहे ते फक्त ऊन.

घर किनाऱ्यापासून हाकेच्या अंतरावर. तीन किलोवॅटची यंत्रणा, त्यासाठी छपरावर तीनेकशे चौरस फूट जागा. २०२४ मध्ये सुरू झालेल्या ‘पीएम सूर्यघर’ योजनेत तीन किलोवॅटला ७८ हजार रुपये अनुदान मिळतं. एकूण खर्च दीड ते दोन लाखांच्या घरात जातो, त्यामुळे अनुदान वजा करूनही मोठी रक्कम खिशातून जातेच. एका किलोवॅटमागे वर्षाची सरासरी दिवसाला चार युनिट धरतात. पण सरासरी फसवी असते. एप्रिलमध्ये मीटर बघून मावशीला हसू आवरत नव्हतं. जुलैत सलग आठ दिवस सूर्य दिसला नाही, तेव्हा रोजचे बारा युनिट तीन-चारावर आले.

त्यातच एका रात्री झाड तारेवर पडलं आणि दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत लाइट नव्हती. सकाळी थोडं उघडलं, ऊन पडलं, तरी पंखा फिरेना. मावशीने मला फोन केला, “अरे, वर ऊन आहे, पॅनल आहेत, मग घरात वीज का नाही? मग हे बसवलं कशाला?”

बसवणाऱ्याने हे आधी सांगायला हवं होतं. ग्रिडला जोडलेला साधा इन्व्हर्टर बाहेरची लाइट गेली की स्वतःही बंद पडतो. तो बिघाड नव्हे, तशीच त्याची रचना असते. घराघरांतून वीज तारेत जात राहिली, तर खांबावर चढलेल्या लाइनमनचा जीव जाईल. अंधारातही वीज हवी असेल तर बॅटरी आणि तिच्यासोबत चालणारा हायब्रिड इन्व्हर्टर लागतो. दीडशे अँपिअर-अवरच्या दोन ट्यूबलर बॅटऱ्यांत कागदावर साडेतीन युनिट मावतात. त्या टिकाव्यात म्हणून निम्म्याच वापरायच्या. म्हणजे दोन पंखे आणि तीन-चार दिवे, रात्रभर. फ्रीज जोडला की गणित कोलमडतं. शिवाय चार-पाच वर्षांनी बॅटऱ्या बदलायच्या. २०२१ च्या मेमध्ये तौक्ते वादळ या किनाऱ्यावरून गेलं. त्या दिवसांत अंधार अनुभवलेल्या माणसाला हा खर्च चैनीचा वाटणार नाही, पण तो सोलरच्या किमतीत धरायलाच हवा.

आणि खारा वारा. किनाऱ्यावर पत्रा किती वर्षं टिकतो, हे नरपडमध्ये कुणालाही विचारा. पॅनलची चौकट ॲल्युमिनियमची असते, ती तग धरते. गंजतात ते नट-बोल्ट, क्लॅम्प आणि स्वस्तातला सांगाडा. काचेवर मिठाचा पातळ थर बसतो, त्यावर वाडीतल्या रस्त्याची धूळ चिकटते. पॅनल धुवायचे तर गोड्या पाण्याने. उन्हाळ्यात विहिरीचं पाणी मचूळ होतं, त्याने धुतले तर वाळल्यावर पांढरे डाग उरतात. म्हणजे पाण्याची सर्वात जास्त ओढ असते तेव्हाच पॅनलला प्यायचं पाणी लागतं. हा खर्च कुठल्याही माहितीपत्रकात मला सापडला नाही.

आता मोठा हिशोब. थर्मल वर्षभर ऐंशी टक्के क्षमतेने चाललं तर साधारण ३५० कोटी युनिट वीज देतं. एक मेगावॅट सौर प्रकल्प वर्षाला पंधरा लाख युनिटच्या आसपास देतो. म्हणजे तेवढ्याच विजेसाठी २,३०० मेगावॅटचे पॅनल लागतील, आणि मेगावॅटला चार एकर धरले तरी नऊ हजार एकर जमीन. ही जमीन कुठली? घोलवड-बोर्डीच्या चिकूच्या वाड्या, की तलासरीची वरकस जमीन? इतकं करूनही ती वीज दिवसाची. संध्याकाळी सातला मुंबईचे दिवे लागतात, तेव्हा पॅनल झोपलेले असतात.

वाऱ्याकडे वळावं, तर महाराष्ट्राच्या मोठ्या पवनचक्क्या साताऱ्याच्या वनकुसवड्याच्या पठारावर आणि धुळ्याच्या ब्राह्मणवेलला उभ्या राहिल्या, त्याला कारण आहे. वाऱ्याचा वेग निम्मा झाला की मिळणारी वीज निम्मी होत नाही, एक अष्टमांश होते. समुद्रकाठी वारा अंगाला लागतो म्हणून तो चक्की फिरवायला पुरेलच असं नाही.

मग कोळसाच बरा? मुळीच नाही. कोळशाची वीज स्वस्त दिसत होती, कारण तिचा बराच खर्च इथल्या हवेवर, खाडीवर आणि वाड्यांवर टाकलेला होता. २० जून १९९१ ला केंद्राने डहाणू तालुका पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील जाहीर केला. तालुक्याच्या पर्यावरणाचा लढा सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९९६ मध्ये न्यायालयाच्या आदेशावरून डहाणू तालुका पर्यावरण संरक्षण प्राधिकरण नेमलं गेलं. न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी त्याचे अध्यक्ष होते. चिमणीच्या धुरातला गंधक काढणारं संयंत्र बसवा, असा आदेश प्राधिकरणाने १९९९ मध्ये दिला. ते चालू व्हायला २००७ उजाडलं. आठ वर्षं! कोळशाचा दडवलेला एक खर्च उघड व्हायला एवढा काळ आणि एवढी चिकाटी लागली. डहाणूने जे कोळशाला विचारलं, तेच आपण सोलरला पहिल्याच दिवशी विचारलं पाहिजे: खर्च किती, आणि तो कोण भरणार?

काही ठिकाणी उत्तर चांगलं येतं. तलासरीतल्या शेतकऱ्याला ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ योजनेत अनुसूचित जमातीचा म्हणून पाचच टक्के वाटा भरावा लागतो. पाण्याची गरज हिवाळा-उन्हाळ्यात, ऊनही तेव्हाच. रात्री दोनला उठून मोटार लावायला शेतात जावं लागत नाही. इथे बॅटरीची गरजच नाही, कारण पाणी टाकीत किंवा मातीत साठतं. माझ्या मते या भागात सोलरचा सर्वात शहाणा उपयोग हाच. अट एकच, विहिरीत पाणी हवं. ज्याच्या वनपट्ट्यावर विहीरच नाही, त्याला पंप मिळून काय उपयोग?

गोबरगॅसचंही तसंच. एक किलो शेणापासून जेमतेम चाळीस लिटर गॅस. दोन घनमीटरच्या संयंत्राला रोज पन्नास किलो शेण आणि तेवढंच पाणी लागतं, म्हणजे गोठ्यात बांधलेली चार-पाच जनावरं. ज्या घरी दोनच बैल, तेही दिवसभर रानात चरणारे, तिथे टाकी कोरडी पडणार आणि बाई पुन्हा मोळीसाठी जंगलात जाणार. ज्याच्याकडे गोठा आहे त्याच्यासाठी मात्र ही उत्तम सोय आहे. स्वयंपाक होतो, स्लरी वाडीला जाते आणि ढगांची भीती नाही.

मावशीने यंदा बॅटरी घेतली. सांगाड्याचे बोल्ट स्टेनलेस स्टीलचे करून घेतले, ते महाग पडले. पॅनल धुण्यासाठी पावसाचं पाणी साठवायची एक टाकी पागोळीखाली ठेवली आहे. एक अडचण उरलीच. चारनंतर कुंपणावरच्या सुरूची सावली कडेच्या दोन पॅनलवर येते. एका माळेत जोडलेल्या पॅनलपैकी दोन झाकोळले तरी सगळ्या माळेला फटका बसतो. वायरमन म्हणाला, झाड तोडा, दिवसाला एखादा युनिट वाढेल.

मावशी ओटीवरून उतरली, सुरूच्या बुंध्याला हात लावून उभी राहिली. तौक्तेच्या रात्री सुरूच्या याच रांगेने वारा अडवला होता आणि घराची कौलं जागेवर राहिली होती. “युनिट जाऊ दे,” ती म्हणाली. वायरमनने ते दोन पॅनल तिथून काढून गोठ्याच्या छपरावर बसवले. त्याला वेगळी तार आणि वेगळा सांगाडा लागला. तोही खर्च वहीत लिहिला आहे.